बारा पानांची पोच

दुसऱ्यांच्या खातेचौकशीत बसायची सवय लागली की किस्से गोळा करावे लागत न्हाईत. शेतातनं येताना चपलेला चिखल येतो तसे ते आपसूक बरोबर येतात.

मी बचाव सहाय्यक. म्हणजे सरकारी कर्मचाऱ्यावर आरोप झाला की त्याच्या बाजूनं बोलायला नियमानं दुसरा कर्मचारी बसू शकतो, तो मी. फी न्हाय, चहा मिळतो. हे काम मला आमच्या आप्पांनी शिकवलं, रिटायर झालेले हेडक्लार्क. आणि आज हे सगळं आठवलं ते शांताक्कामुळं. जांबोटीच्या जनावरांच्या दवाखान्यात ती शिपाई. पेन्शनला दोन वर्षं उरलेली असताना 'न सांगता गैरहजर' म्हणून तिला कामावरनं काढायचं चाललं होतं. तिचा किस्सा शेवटी सांगतो, न्हायतर बाकीचे कोण ऐकतंय?

माझी पहिली केस निपाणीची. क्लार्क ड्युटीवर झोपला, हा आरोप. साक्षीदार वॉचमन. आप्पांनी बजावलेलं, "साक्षीदाराला पहिलं विचार, तू कुठं होतास?" मी विचारलं. वॉचमन म्हणाला, "तिथंच, शेजारच्या बाकावर. साहेबांनी मला उठवलं आन् म्हणाले, बघ, त्यो बी झोपलाय."

केस तिथंच संपली.

संकेश्वरला तर लई भारी झालं. तक्रार करणारे साहेब आणि चौकशी करणारे साहेब एकच! मी हरकत घेतली, "साहेब, तक्रार तुमचीच, मग साक्ष कोण देणार?"

"मीच की."

साहेब उठले, टेबलाला वळसा घालून साक्षीदाराच्या खुर्चीत बसले, साक्ष दिली. परत आपल्या खुर्चीत जाऊन टिपण लिहिलं, 'साक्षीदार विश्वासार्ह वाटला.' मला हसू आवरेना, आणि संतापही तेवढाच आला. अपील केलं तेव्हा कुठं ती चौकशी रद्द झाली.

उचगावच्या एका ड्रायव्हरला निलंबित केलेलं. ऑर्डरीत लिहिलेलं, ऑफिसच्या आवारात पाऊल टाकायचं न्हाय. आणि चौकशीची नोटीस लावली कुठं? ऑफिसच्या आतल्या फळ्यावर. तारखेला तो आला न्हाय म्हणून एकतर्फी निकाल द्यायला निघाले. मी म्हटलं, "अहो, त्यानं आत येऊन नोटीस वाचली असती तर?" तिथला क्लार्क पटकन बोलून गेला, "मग आत आल्याची दुसरी चार्जशीट दिली असती."

आता शांताक्का. त्या दिवशी जंगलातल्या एका वाडीवर जनावरांना लस टोचायची होती. बस न्हाय, म्हणून ही लशीचा डबा घेऊन डॉक्टरांच्या मागनं चालत गेलती. नेमके तेव्हाच तपासणीला वरनं साहेब आले, आणि दवाखान्याला कुलूप. ते डॉक्टर आता बदलून लांब गेलेत, पण वाडीवरची चार माणसं साक्ष द्यायला तयार झाली.

परवा बेळगावात चौकशी होती. ती चारही माणसं पहाटेच चालत निघून, बस धरून आलती आणि बाहेर बाकावर बसलेली. आत क्लार्कनं फाईलीतल्या कागदांच्या झेरॉक्स आम्हाला दिल्या आणि रिवाजाप्रमाणं पानं मोजून पोच केली, 'एकूण बारा पानं दिली.' शांताक्काची सही, क्लार्कची सही, वर शिक्का.

मी पानं उलटत गेलो आणि बाराव्यावर थांबलो. तो चौकशीचा अहवाल होता, खाली चौकशी अधिकाऱ्याची सही. अजून एकही साक्ष झाली नव्हती, आणि त्यात लिहिलेलं, बचावाकडनं कुणी साक्षीदार आला न्हाय, आरोप सिद्ध. मी ते पान शांताक्कापुढं सरकवलं. अहवाल सरकारी रिवाजानं कन्नडात होता, तिनं बोट फिरवत सावकाश सगळा वाचला.

चौकशीच्या साहेबांच्या ध्यानात आलं. त्यांनी हात पुढं केला. "ते पान चुकून आलंय, परत द्या."

शांताक्कानं पानाची घडी घातली आणि कमरेला खोचली. "पोच बारा पानांची झालीया साहेब. अकरा न्हाईत."

मग दाराकडं बोट करून म्हणाली,

"ह्यात लिवलंय, मी रडून गुन्हा कबूल केला. मग आत्ता रडू, का आधी बाहेरच्या माणसांस्नी बोलवताय?"