अनुसयामावशीचं कापलेलं हसू

वंदनाचा फोन आला तेव्हा मी सकाळच्या चहाबरोबर उत्तरपत्रिका तपासत बसले होते. "ताई, आई गेली गं..." एवढंच ती बोलली आणि पुढे नुसता हुंदका. लाज वाटते, तरी खरं ते सांगते. माझ्या तोंडून पहिला शब्द निघाला तो 'अरेरे' नव्हता, 'कधी' नव्हता. मी म्हणाले, "अगं, पुढच्या आठवड्यात मिटिंग होती!" वंदनाला वाटलं असेल, ताईचं डोकं फिरलं. फिरलंच होतं. मावशीला मी एक शब्द दिला होता. दोन वर्षं तो आज करू, उद्या करू म्हणत लांबवला, आणि ही बाई पहाटे झोपेतच निघून गेली. आठ दिवस थांबायला काय झालं होतं तिला? पण ती कधी कुणासाठी थांबलीच नाही, सवयच नव्हती तिला.

अनुसया ही माझ्या आईची धाकटी बहीण. माहेर पिशोरचं. शेवटची काही वर्षं ती लेकीकडे, वंदनाकडे, शेंद्र्याला राहत होती. जावई तिथल्याच एका कारखान्यात. पण शहरातल्या शिकल्यासवरल्या मंडळींना ती माहीत होती ती 'बहात्तरच्या दुष्काळाची साक्षीदार' म्हणून. तेव्हा ती चौदा वर्षांची होती आणि पिशोरजवळच्या रस्त्याच्या दुष्काळी कामावर खडी फोडत होती. संशोधन करणाऱ्या मुली यायच्या, चॅनेलवाले यायचे, सगळ्यांना ती चहा पाजायची. मग ते गेले की मला फोन. "सुमे, आज बी त्येच. कसं वाटलं, कसं वाटलं... आता कसं वाटलं म्हंजे काय? भूक लागल्यावानी वाटलं!" आणि स्वतःच खो खो हसायची. तिचं हसू मोठं होतं, चारचौघांत आमची पंचाईत करणारं. लग्नात, दवाखान्यात, कुठंही फुटायचं.

शहरात मराठवाड्याच्या दुष्काळाचं स्मृतिदालन करायचं ठरलं तेव्हा कॉलेजात मराठी शिकवते म्हणून मला समितीवर घेतलं. फलकांवरचा मजकूर आणि आवाजाच्या फिती माझ्याकडे. अर्थातच मी मावशीचं नाव सुचवलं. रेकॉर्डिंगच्या दिवशी ती नवं लुगडं नेसून आली आणि पाऊण तास बोलली. मिलोच्या, म्हणजे परदेशातून आलेल्या ज्वारीच्या, लाल भाकरी, कामावर वाटायच्या सुकडीचा वास, दगडाची कपची डोळ्यात उडू नये म्हणून जुनेराच्या चिंध्या पिळून केलेलं कडं, त्या कड्यात दगड धरायचा आणि वरून हातोडी मारायची... सगळं सांगितलं. आणि मग तो दिवस सांगितला. तिचा धाकटा भाऊ गणू, दीड वर्षाचा, हगवणीनं बेजार झालेला, बाभळीला बांधलेल्या झोळीत झोपला होता. दुपारी मुकादम टेप घेऊन खडीचा ढीग मोजायला वर चढला. तोऱ्याचा गडी, बायांना फार बोलायचा. वर गेला आणि खडी सरकली. "मुकादम बसल्या बसल्या खाली आला आन धोतर ऱ्हायलं वरच! सुमे, समद्या बाया अशा हसल्या... माजी आई, जिनं आठ महिन्यांत व्हट उलगडला नव्हता, ती तोंडात पदर कोंबून खाली बसली. आईला हसताना मी लई दिवसांनी पाह्यलं. मग म्हनलं गन्याला बी दाखवावं मुकादम. झोळीत हात घातला... तर त्यो गार." इथं तिनं पदर सारखा केला. मग म्हणाली, "आमी हसत हुतो तवाच कवातरी गेला आसंल." आणि पुन्हा एकदा, बारीकसं, हसली. तिला तो मुकादम आठवला असणार.

ते हसू मी कापलं. मीच. अध्यक्षांनी नुसतं सुचवलं होतं. निवृत्त मोठे अधिकारी, बोलणं अगदी मऊ. "मॅडम, लोक इथं गंभीर व्हायला येणार. धोतराचा किस्सा ऐकून शाळेची पोरं दात काढतील. आणि त्या बाईंचं ते शेवटचं हसणं... गैरसमज होतो हो." मला पटलं. पटलं म्हणजे काय, वाद घालायचा कंटाळा आला. तंत्रज्ञाशेजारी बसून मी सांगितलं, इथून इथपर्यंत काढा. उरलं ते झोळी, बाभूळ आणि गार पडलेलं लेकरू. खाली त्यांनी सारंगी लावली. ऐकून माझेच डोळे भरून आले, आणि मला वाटलं, झकास जमलं! वरून कहर म्हणजे त्याच महिन्यात मी एका चर्चासत्रात निबंध वाचला. विषय काय, तर आशियाई समाज सामूहिक आघात कसा लक्षात ठेवतात आणि कसा मांडतात. फाळणी, अणुबॉम्ब, दुष्काळ, सगळं होतं त्यात. ज्यांनी सोसलं त्यांचा आवाज आपण आपल्या सोयीनं घडवतो, असं मी तिथं ठणकावून सांगितलं. टाळ्या पडल्या. मी त्या घेतल्यासुद्धा.

उद्घाटनाला मावशी पहिल्या रांगेत. शाल-श्रीफळ झालं. मग ती दालनात आपल्या आवाजाच्या बटणापाशी गेली, बटण दाबलं आणि मान तिरपी करून ऐकत राहिली. फीत संपली. तिनं माझ्याकडं पाहिलं, "पुढं?" म्हणाली आणि पुन्हा बटण दाबलं. पुन्हा बाभूळ, पुन्हा सारंगी. "आगं पुढं कुठंय?" मागं पाहुणे ताटकळलेले, मी कसनुसं हसत तिचा दंड धरलेला. तिसऱ्यांदा दाबलं तिनं. मग बाहेर आली. घरी सोडायला मी तिच्याबरोबर रिक्षात बसले.

चिकलठाणा आल्यावर बोलली. "तुमी मला रडकी केली, सुमे." मी ततपप करायला लागले, वेळेची मर्यादा, अमकं, तमकं. तिनं हात वर केला. "माज्या आईनं त्या दिसापासनं हसनं सोडलं. मरस्तोवर. तिला वाटायचं, आपुन हसलो म्हनून पोरगं गेलं. मी बी लई वर्सं तसंच धरून बसले. मग कळलं, आमी हसलो म्हनून त्यो गेला नाय. आन त्यो गेला म्हनून आमी हसलोच नाय, आसं बी नाय. येवढंच सांगायचं हुतं मला. त्येच तू काडलं." मग जरा वेळानं, हळू आवाजात, "माजं हसनं परत लाव. माज्या आईचं बी त्यातच हाय." मी म्हणाले, "लावते मावशी. शब्द देते." तिनं मान हलवली. तिचा विश्वास बसला, हे मला आज जास्त टोचतं.

आता त्या हातोडीचंही सांगून टाकते, एवीतेवी सगळं सांगतेच आहे. दालनाला तिची खडी फोडायची हातोडी हवी होती. "देते की," म्हणाली आणि दुसऱ्या दिवशी जुनाट, गंजकी अशी एक पाठवून दिली. काचेच्या पेटीत लाल मखमलीवर ती अजून आहे. वर माझ्याच शब्दांतला फलक, या हातोडीनं एका पिढीची भूक पाहिली वगैरे. उद्घाटनानंतर महिनाभरानं मावशी सहज म्हणाली, "ती शेजारच्या मिस्त्रीची हाय. माजी तुमाला दिली आसती तर मी गूळ कशानं फोडला आसता?" मी कपाळाला हात लावला. ती मात्र पोट धरून हसत होती. "खरं हसनं काडलं आन खोटी हातोडी ठिवली. झ्याक हाय तुमचं दालन!" फलक बदलायचं धाडस मला झालं नाही. आधी हसू लावू, मग हातोडीचं बघू, असं मी मनाशी म्हणत राहिले.

गेल्या वर्षी वेरूळ बघायला आलेली एक जपानी बाई दालनात आली. तिकडच्या विद्यापीठात शिकवणारी, अशाच विषयावर काम करणारी. तिला मावशीला भेटायचं होतं, म्हणून मी तिला शेंद्र्याला घेऊन गेले. मधे मी दुभाषी. तिनं कसं वाटलं ते विचारलं नाही. तिनं विचारलं, त्या सकाळी गणूला काय भरवलं होतं? पन्नास वर्षांत कुणी विचारलं नव्हतं मावशीला ते. "सुकडी, पान्यात कालवून," ती म्हणाली, आणि तिची बोटं वाटीत कालवल्यासारखी हलली. मग मुकादमही आला, धोतरही आलं. जपानी बाई आधी हसली, मग तिचे डोळे भरले, मग दोघी मिळून हसल्या. परतताना गाडीत ती मला म्हणाली, अणुबॉम्बमधून वाचलेल्या म्हाताऱ्या तिच्या देशात शाळाशाळांतून साक्ष सांगत हिंडतात. ठरलेला वेळ, ठरलेली गोष्ट. त्यातली एक तिला म्हणाली होती, बॉम्बमध्ये गेलेल्या माझ्या बहिणीच्या नकला मला कुणी करूच देत नाही. ती फीत कुणी कापली, हे काही मी तिला सांगितलं नाही.

त्यानंतर मी खरोखरच मागं लागले. तीन बैठकांत विषय मांडला. एकदा वेळ संपली, एकदा गणपूर्ती झाली नाही, एकदा अध्यक्ष म्हणाले, "मॅडम, लोक आवर्जून बटण दाबतात, रडतात, अभिप्राय लिहितात. चाललेलं कशाला बिघडवता?" मी हात टेकले. चिडायला हवं होतं, टेबलावर हात आपटायला हवा होता, राजीनामा तोंडावर मारायला हवा होता. मी काय केलं? 'विषय पुढील बैठकीत घेण्यात यावा' असं इतिवृत्तात स्वतःच्या अक्षरात लिहिलं. ती पुढची बैठक म्हणजेच मी वंदनाच्या फोनवर बरळले ती. मावशी गेली म्हणून तीही पुढं ढकलली.

मावशी जाऊन महिना व्हायला दोन दिवस असताना दालनानं श्रद्धांजली सभा ठेवली. तिचा मोठा फोटो, हार आणि अर्थात ती फीत. सभा सुरू व्हायच्या आधी मी तंत्रज्ञाला गाठलं. म्हटलं, ते काय म्हणतील ते म्हणू देत, आज पूर्ण रेकॉर्डिंग लाव. तो बिचारा गोंधळला. "मॅडम, पूर्ण कुठंय आता? कापलेली फायनल झाली तशी मूळची पुसली. जागा लागते ना." पाऊण तास... तिचा पाऊण तास, तिच्या आईसकट, गेला. माझ्या घरी तरी प्रत ठेवावी, एवढी अक्कल मला सुचली नव्हती. मग फीत वाजली, सारंगी वाजली, आणि मी उठले. कुणी बोलावलं नव्हतं तरी माईक घेतला आणि तो प्रसंग सांगितला, मुकादम, खडी, धोतर, हसणं. पण संतापानं सांगितला. सभागृहात कुणी हसलं नाही. लोक पायांकडं बघत होते. अध्यक्षांनी अलगद माईक काढून घेतला. "मॅडम साहजिकच भावुक झाल्या आहेत." सगळ्यांनी समजूतदार माना हलवल्या. त्या समजुतीचा मला जेवढा राग आला, तेवढा आयुष्यात कशाचा आला नसेल.

महिन्याच्या दिवशी मी शेंद्र्याला गेले. नैवेद्याला लापशी होती. वंदना स्वयंपाकघरात जमिनीवर गुळाची ढेप घेऊन बसली होती, हातात मावशीची ती खरी हातोडी. दांडा दोनतीनदा बदललेला, लोखंड तेच. मी पाहत होते. तिनं जुन्या साडीची चिंधी पिळली, तिचं कडं केलं, गुळाचा खडा त्यात धरला. मी विचारलं, "हे कडं कशाला गं?" "आई करायची. गूळ उडत नाय इकडंतिकडं." तिला माहीतच नव्हतं. समितीत मलाही कधी सुचलं नव्हतं की मावशीला कडं मागावं. मी वंदनाला सांगितलं, ते खडी फोडतानाचं आहे. तिनं हातातलं कडं उलटंपालटं करून पाहिलं.

मग म्हणाली, "ताई, राग मानू नको, पन परवा सभेत तू पार वाटोळं केलंस. मुकादम पडला, म्हनालीस. पडला काय? आई काय आसं सांगायची?" आणि ती उठली. हातोडी बगलेत मारली हजेरीपटासारखी, पेन्सिल जिभेला लावल्याचं केलं, छाती काढून पाटावर चढली, बायांवर खेकसली, आणि पाय सटकल्यावर तोंड असं केलं की बस्स... "मुकादम खाली, धोतर वर!" मला आधी हसू फुटेना. मग फुटलं ते आवरेना. वंदना ओट्याला टेकून हसत होती, मी जमिनीवर, तोंडात पदर. बाहेरून शेजारच्या काकू धावत आल्या, आम्ही रडतोय समजून. आम्हाला पाहून दारातच थबकल्या. बाहेरच्या खोलीत मावशीचा हार घातलेला फोटो, नैवेद्याचं पान अजून वाढायचं होतं, आणि आम्ही दोघी हसत होतो.

काकू गेल्या. आम्ही डोळे पुसले. कुठलं पाणी कशाचं, ते आम्हालाही सांगता आलं नसतं. मी फोन काढला, रेकॉर्डिंग चालू केलं आणि फळीवर ठेवला. "वंदे, परत सांग. पहिल्यापासून. झोळीपासून."

तिनं फोनकडं पाहिलं, मग माझ्याकडं. "यातलं काय काडनार तू?"

"काही नाही," मी म्हणाले.

ती खाली बसली. कडं नीट केलं, गुळाचा खडा त्यात धरला, हातोडी उचलली आणि आईच्या आवाजात सांगायला लागली.