थंबालनूच्या कादंबरीतला होडीवाला

इंफाळच्या बायकांच्या बाजारात माझ्या शेजारीच थंबालनू सुकी मासळी विकते आणि गिऱ्हाईक नसलं की प्रेमकथा लिहिते. यंदा तिची पहिली कादंबरी छापून आली, भाषा आमची मणिपुरीच, पण जुन्या पद्धतीनं बंगाली अक्षरांत. सून शाळेत आता शिकवतात ती मैतेई लिपी शिकलेली. तिला ओळसुद्धा लागेना.

"आण इकडे, मी वाचून दाखवतो," सासरा, म्हणजे थंबालनूचा नवरा तोमचौ, म्हणाला.

झाली पंचाईत! कादंबरीतला नायक म्हणजे लग्नाआधी तिच्या मनात भरलेला लोकताक तळ्यावरचा होडीवाला, गालावरच्या तिळासकट! नवरा कधी पुस्तकाला हात लावत नाही, म्हणून बाईनं बिनधास्त लिहिलेलं.

वाचता वाचता पळून जायचा प्रसंग आला. तोमचौ जरा थांबला, खाकरला आणि वाचू लागला, "ती होडीत बसली आणि तोमचौनं तिचा हात धरला."

"अय्या! बाबा, तुम्ही आईंना होडीतून पळवलंत?"

"मग! वल्हीसुद्धा मीच मारली."

"अगं, यांना होडीत बसलं की ओकाऱ्या होतात," हे थंबालनूच्या अगदी ओठावर आलं होतं, दुसऱ्या दिवशी बाजारात मला सांगत होती. पण म्हणाली एवढंच, "वाचा ना पुढे."