म्हशीचा कॅमेरा

ताई,

अक्षर किडामुंगीचं आहे आणि शुद्धलेखनाचं तर विचारूच नकोस. चौथीनंतर वाण्याच्या यादीशिवाय काही लिहिलं नाही. रागावू नकोस, सावकाश वाच.

आम्ही गाव सोडलं त्या सकाळी तू एसटीच्या खिडकीशी ओरडलीस, "बाई, नवऱ्यापेक्षा पेटी सांभाळजो! नवरा फुकट भेटला, पेटी माह्या म्हशीची आहे!" सगळी एसटी हसली. म्हैस विकून तू घेऊन दिलेला जुना व्हिडिओ कॅमेरा त्या पेटीत होता. पुण्यापर्यंत मी ती मांडीवरून उतरवली नाही. हे उभ्याने आले.

कसबा पेठेत खोली घेतली. लग्नाचं शूटिंग हेच करायचे, नवरदेवाला "जरा हसा" असं डायरेक्शन हेच द्यायचे आणि घरी दोन व्हीसीआर जोडून एडिटिंगही यांचंच. मी लाईट धरायची, तोही पदराआडून. तुझे पैसे फेडल्याशिवाय तुझ्या दारात पाय ठेवायचा नाही, हे मी मनाशी ठरवलं होतं.

पहिलं मोठं लग्न मिळालं. मुलगी कॉम्प्युटरवाली, लगेच अमेरिकेला जाणारी. मांडवात असून अक्षता टाकल्या नाहीत तर आपल्याकडे अपशकुन. शेवटचं "सावधान" झालं आणि यांनी कॅमेरा खाली घेतला, खिशातल्या अक्षता काढल्या, मनोभावे टाकल्या. तेवढ्यात अंतरपाट दूर झाला, हार पडले. कॅसेटमध्ये आले गुरुजींचे पाय.

"गेले पैसे," मी म्हणाले.

"एडिटिंगमध्ये बघू," हे म्हणाले.

दुसऱ्या दिवशी यांचं धोतर दोरीवर टांगून अंतरपाट केला. नवरीचे नुसते हात दाखवायचे, म्हणून मी हिरवा चुडा भरला. नवरदेव कुठून आणणार? कॅमेरा डोळ्याला लावून हेच समोर उभे राहिले, त्यांनाच हार घातला. गावी आमच्या लग्नात माझी मान खाली, यांना धड पाहिलंच नव्हतं. आता मान वर केली, तर मध्ये कॅमेरा.

कॅसेट बघायला मुलीकडचं सगळं घर जमलं. टीव्हीवर माझा हात आला आणि मुलीचे वडील म्हणाले, "अहो शूटिंगवाले, आमच्या मुलीच्या मनगटावर हे गोंदण कधी आलं? पॅकेजमध्ये असतं का?"

मी हात पदराखाली लपवला. नेमका तो मुलीने पाहिला. मग खरं सांगावंच लागलं. ती पोट धरून हसली. "बाबा, माझे हात नुसते थरथरत होते. या बाईंचा हात बघा किती ठाम आहे. राहू दे."

वडिलांनी पैसे दिले. "पुढच्या वेळी अक्षता घरूनच टाकून या," एवढंच म्हणाले.

तुला पहिली मनीऑर्डर त्याच पैशांतून केली. माझा हात मात्र अमेरिकेला गेला.

तेव्हापासून शेवटच्या सावधानला कॅमेरा मी धरते, हे अक्षता टाकतात. कॅसेटची सीडी झाली, व्हीसीआर जाऊन कॉम्प्युटर आला. हडपसरच्या आयटीतली मुलं यांना "सर" म्हणतात आणि मला विचारतात, "मॅडम, इथे उभे राहू?" मी अजून लाजते. कॅमेरा डोळ्याला लावला की नाही लाजत.

राहते इथे, पण घर म्हटलं की तुझ्या अंगणातला रिकामा खुंटाच दिसायचा. तुझ्या लेकीच्या लग्नाचं शूटिंग आमचंच. यांच्यासाठी मूठभर अक्षता जास्त ठेव. आज शेवटची मनीऑर्डर केली.

ताई, म्हैस फिटली.