धनाजीरावांची काळी खिडकी

पाटबंधारे खात्यातून निवृत्त झाल्यावर भोरच्या धनाजीरावांना हुकूम सोडायला माणूस उरलं नाही. तेव्हा ते कॉम्प्युटरवर काळी खिडकी उघडून फोनला हुकूम सोडायला शिकले. वायर जोडायची, इंग्रजीत एक लांबलचक ओळ ठोकायची, की फोनला हात न लावता आतलं अ‍ॅप गायब! दोन टिचक्यांत होणारं कामही ते ओळ लिहूनच करत. बोटानं काय, कुणीही करतं.

स्वतःचा फोन त्यांनी इतका स्वच्छ केला, की त्यात सकाळचा गजरही राहिला नाही. मग मोर्चा बायकोच्या फोनकडे वळला. तिला विचारायचं असतं, हे काही त्यांच्या डोक्यात आलं नाही.

सकाळी भाकरी थापायला बसण्याआधी मंगलताईंनी फोनला इअरफोन खुपसला, तर रेडिओच नाही.

“अवो, माजा रेडिओ कुठं गेला?”

“काढला. जागा खात होता,” शाबासकीची वाट बघत धनाजीराव म्हणाले.

मंगलताई मूळच्या पालीच्या, राजगडाच्या पायथ्याच्या. त्या भांडल्या नाहीत. भाकऱ्या केल्या आणि एसटीनं नसरापूर गाठलं. तिथं त्यांच्या भाचीचं, शेफालीचं मोबाईलचं दुकान.

“आत्या, रेडिओ परत आणायला मामांचीच खिडकी लागंल,” शेफाली म्हणाली. “पर त्यांच्या कॉम्प्युटरला दिलेली परवानगी म्या काढून टाकते, अन् फोनला तुमच्या बोटाचं कुलूप लावते. मग बसू द्या हुकूम सोडत.”

संध्याकाळी उरलेली साफसफाई करायला धनाजीरावांनी पुन्हा बायकोच्या फोनला वायर जोडून ओळ ठोकली. काळी खिडकी म्हणाली, परवानगी नाही. त्यांनी चष्मा पुसून पुन्हा ठोकली. पुन्हा तेच. शेवटी नाक मुठीत धरून हाक मारली, “अगं, तुझ्या फोनवर काय आलंय, जरा बघतेस का?”

मंगलताईंनी फोन उघडून अक्षराला अक्षर लावत वाचलं, “या कॉम्प्युटरला परवानगी द्यायची का?” मग नवऱ्याकडे बघून म्हणाल्या, “बगा. फोनसुदिक इचारतोय मला.”

धनाजीरावांचा चेहरा उतरला. एवढ्या वर्षांच्या संसारात हे आपल्याला कधी सुचलं नाही, हे त्यांना खरंच लागलं. “तुझा रेडिओ परत आणतो,” ते म्हणाले. मग जरा अडखळून पुढं जोडलं, “आणू का?”

“आणा. पर तेवढाच.”

प्रश्नाखाली एक छोटी चौकट होती, ‘नेहमी परवानगी द्या’. ती कोरीच ठेवून मंगलताईंनी ‘होय’वर बोट टेकवलं.