दुसरा आवाज हरवलाच नव्हता

अमेरिकेत आलेला मराठी माणूस आधी नायगारा पाहतो. ऐंशीच्या दशकाच्या मध्यावर, मे महिन्याच्या सुट्टीत, आम्ही मात्र मिशिगनमधल्या एका कॉलेजच्या गावाला निघालो. कारण माझी बायको, सुलभा. ती इंडियानात युरोपच्या जुन्या गायनावर पीएच.डी. करत होती आणि मी तिथेच मेकॅनिकलला होतो.

तिचा सगळा प्रबंध एका पानावर अडला होता. पाचशे वर्षांपूर्वीच्या एका हस्तलिखितात एक गाणं होतं. मथळा 'दोन आवाजांसाठी', पण लिहिलेली स्वरांची ओळ एकच. या विषयातल्या एका बड्या प्रोफेसरांनी दुसरा आवाज हरवल्याचं जाहीर केलं होतं, आणि स्वतः एक रचून छापलाही होता. सुलभाचं म्हणणं, हरवलेलं काहीच नाही. तीच ओळ एकाने गायची आणि त्याच वेळी दुसऱ्याने निम्म्या लयीत. तिच्या गाइडने बजावलं होतं, "मिशिगनच्या परिषदेत पटवून दाखव, नाहीतर विषय बदल." म्हणजे दोन वर्षांची मेहनत पणाला, आणि समोर बसणार तेच प्रोफेसर.

आमची गाडी चौथ्या मालकाची होती. इंडियानापोलिस ओलांडलं की इंटरस्टेट ६९ सरळ उत्तरेला जातो. दोन्हीकडे सपाट शेतं, बघण्यासारखं काही नाही. फोर्ट वेनला ओळखीच्या जोशीकाकूंकडे जेवायला थांबलो.

"अगं, पण चर्चमधली गाणी तुला कशाला गं?" भाजी वाढता वाढता काकूंनी विचारलं.

"कठीण आहेत म्हणून, काकू."

"मॉम, लेट हर ईट," त्यांची मुलगी म्हणाली.

काकांनी निघताना मला बाजूला घेतलं. "टोल रोडवर वळू नकोस, उगाच पैसे जातील. आणि तिला टेन्शन देऊ नकोस." मी कसला देतोय? पुढचं सगळं अंतर ती खिडकीबाहेर बघत तीच ओळ गुणगुणत होती आणि टेन्शन मला आलं होतं.

अशा परिषदेला जाणाऱ्यांनी होस्टेलची खोली घ्यावी, मोटेलपेक्षा पुष्कळ स्वस्त पडते. टॉवेल आणि पांघरूण मात्र घरून न्यावं. कॅफेटेरियात शाकाहारी माणसाला बटाटा मिळतो, सकाळ-संध्याकाळ बटाटाच. काकूंनी बांधून दिलेल्या लसणाच्या चटणीवर आम्ही तग धरला.

दुसऱ्या दिवशी सुलभाचा पेपर होता. कांजीवरम नेसून ती उभी राहिली तेव्हा खोली खच्चून भरली होती. तिने पानाचा फोटो पडद्यावर दाखवला. ओळीच्या मधोमध एक बारीक खूण होती. प्रोफेसरांच्या पुस्तकात ती लेखनिकाची चूक ठरली होती. "संथ गाणाऱ्याने इथे थांबायचं, एवढंच ती सांगते," सुलभा म्हणाली, आणि तिने दोन आवाजांची टेप लावली.

टेप संपली. पांढऱ्या दाढीचे प्रोफेसर उठले. "रेकॉर्डिंगमध्ये काहीही जुळवता येतं, मॅडम."

खोलीत दबकं हसू पसरलं. मला वाटलं, खेळ खलास.

"मग संथ आवाज तुम्हीच गा," सुलभा म्हणाली. "ओळ तुम्हाला पाठच असेल."

आता नाही कसं म्हणणार? ते पुढे आले. तिने टेबलावर बोटाने ठेका धरला आणि दोघांनी एकदमच सुरुवात केली. तिची ओळ भराभर पुढे चालली, त्यांची सावकाश मागून. एके ठिकाणी दोघांचे स्वर एकमेकांवर घासले, पण पुढच्याच स्वराला ते अलगद सुटले. तिथे प्रोफेसरांनी पहिल्यांदा पडद्यावरून नजर काढून तिच्याकडे पाहिलं. मग ती ओळीच्या शेवटाला पोचली आणि नेमके तेव्हाच ते त्या खुणेवर. दोन्ही स्वर असे जुळले की प्रोफेसरांना आपला स्वर सोडवेना.

टाळ्या कोणी सुरू केल्या मला माहीत नाही. बहुतेक मीच. टाळ्या थांबल्यावर प्रोफेसरांनी टेबलावरचं आपलंच पुस्तक उघडलं, खिशातून पेन काढलं, स्वतः रचलेल्या आवाजावर आडवी रेघ मारली आणि पुस्तक सुलभाच्या हातात दिलं. मोठा माणूस. मी इतका वेळ मनात त्यांना शिव्या घालत होतो, त्या सगळ्या परत घेतल्या.

परतीच्या वाटेवर आम्ही तीन वेळा आइस्क्रीम खाल्लं. फोर्ट वेनला पुन्हा थांबून काकूंना सगळं साग्रसंगीत सांगितलं, आणि सांगण्याचं काम मीच केलं, कारण सुलभा नुसती हसत होती. नंतरच्या वर्षांत मी नायगारा पाहिला, ग्रँड कॅन्यन पाहिली. चांगली आहेत. पण माणूस खरा ठरताना बघण्याची मजा तिथे नाही.

घरी पोचल्यावर गाइडचा फोन आला, विषय कायम. लगेच सुलभाने खर्चाकडे न बघता सांगलीला आईला फोन लावला. लाइनवर खरखर होती, त्यामुळे दोघी ओरडूनच बोलत होत्या.

"प्रवासात काय काय पाहिलंत गं?" आईंनी विचारलं.

"आई, माझं बरोबर निघालं." एवढं बोलून ती रडायलाच लागली.

"ते मला माहीत होतंच," पलीकडून आवाज आला. "पण पाहिलंत काय?"