विणकामाच्या सुईवरचा कॉम्प्युटर

पनवेलात पहिला कॉम्प्युटर आला तो बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यातून, आणि तो आणला आमच्या शेजारच्या डॉक्टरांनी. साठ सालानंतरची गोष्ट. अमेरिकेत यंत्रं रोग ओळखू लागलीत, असं त्यांनी कुठल्याशा मासिकात वाचलं आणि त्यांना त्याच गोष्टीनं झपाटलं. पूर्वी मिठागरावरच्या एका बाईचा टायफॉइड त्यांच्या लक्षात आला नव्हता, ती गेली. तेव्हापासून "मास्तर, माणूस विसरतो हो," हे मला ऐकवायचं त्यांचं पालुपदच झालं होतं. यंत्र कुठून आणणार? मग त्यांनी प्रत्येक रोगाचं पुठ्ठ्याचं एक कार्ड केलं. कडेला भोकं, एकेक भोक एकेका लक्षणाचं. ज्या रोगात ते लक्षण असेल, त्याच्या कार्डावरचं भोक कडेपर्यंत कापलेलं. गठ्ठ्यात सुई घालून उचलली की तेवढी कार्डं खाली पडत. मग त्यांत पुढच्या लक्षणाची सुई. शेवटी उरेल तो रोग. सुई डॉक्टरीणकाकूंची, विणकामाची. पनवेलच्या उकाड्यात काकू स्वेटर कोणासाठी विणत होत्या देव जाणे, पण तो एका बाहीवर कायमचा थांबला.

पेशंटपुढे मात्र या यंत्राचं काही चालेना. खेड्यातली मंडळी भिडस्त. "पोट दुखतं?" "हाय." "खोकला?" "हाय." "कानात आवाज येतो?" "हाय." सगळी लक्षणं असलेला रोग जगात नाही, त्यामुळे शेवटी एकही कार्ड पडत नसे. शाळा सुटल्यावर मी दवाखान्यात बसायला जाई. तापानं फणफणलेल्या एका म्हातारीला, सगळ्याला 'हाय' काय म्हणतेस, म्हणून मी खडसावलं, तर ती म्हणाली, "डागदर येवढ्या मायेनं विचारतान, तं नाय कसं म्हनू?"

गणपतीच्या आरतीनंतर मी भर मंडळीत म्हणालो, "आमच्या डॉक्टरांनी पनवेलातले सगळे रोग संपवले. सुई लावा, एकही सापडत नाही!" लोक पोट धरधरून हसले. डॉक्टरही हसले. दुसऱ्या दिवशी डबा कपाटावर गेला.

त्याच वर्षी थंडीत माझ्या वडिलांना दरदरून घाम सुटला, जबडा दुखू लागला. डॉक्टर धावत आले, दाढा पाहिल्या, पित्तावर पुडी दिली. सकाळ व्हायच्या आत वडील गेले.

तेराव्याला डॉक्टर डबा घेऊन आले. माझ्यासमोर घामाची सुई घातली, मग जबड्याची. एकच कार्ड पडलं, हृदयाचं. "मी विसरलो, मास्तर. याच्या लक्षात होतं," म्हणाले आणि लहान मुलासारखे रडले. डबा कपाटावर तुम्ही नाही, माझ्या थट्टेनं ठेवला, एवढंच मला सांगायचं होतं. जीभ उचलली नाही, याची आजही लाज वाटते.

पुढे जन्मभर, आमच्या घरी कुणी नुसतं शिंकलं तरी ते डबा काखोटीला मारून हजर. त्यांच्या प्रत्येक प्रश्नाला मी अगदी खरं उत्तर देत असे. त्यांनी कधी विचारलंच नाही, ते तेवढं राहून गेलं.