धानवाल्या डॉक्टरांची फेरी

धान निसवायला, लोंब्या बाहेर टाकायला लागलं की चामोर्शीच्या हवेला एक वास येतो. सुगंध म्हणावं तर तो इतका भिडस्त, की ओळख झाल्याशिवाय जवळ येत नाही. आणि नुसता वास म्हणावं तर मन राजी होत नाही. कोवळ्या दुधाचा, उन्हात वाळत घातलेल्या सुती लुगड्याचा, ओल्या बांधावरच्या गवताचा, असं काहीबाही मी त्याला म्हणून पाहिलं आहे, आणि दरवेळी तो माझ्या शब्दांना हसून पुढे गेला आहे. आश्विनातल्या सकाळी नऊच्या सुमारास ऊन बांधीतल्या, धानाच्या खाचरातल्या पाण्यावर टेकतं, तेव्हा तो उठतो. दुपार व्हायच्या आत निघूनही जातो. वर्ध्याकडून नोकरीसाठी इथं आलेली मी, कापसाच्या मुलखातली. पहिली दोन वर्षं तर मला तो आलाच नाही! शेजारपाजारचे म्हणायचे, "मॅडम, धान फुलावर आलं," आणि मी आपली मान डोलवायची. ज्याची ओळख नाही त्याचा वास तरी कसा यावा?

ओळख करून दिली ती एका माणसानं, ज्याला मी कधी पाहिलं नाही. या गावात वाढलेला एक मुलगा पुढे देशोदेशी नावाजलेला शास्त्रज्ञ झाला. आयुष्यभर त्यानं एकच गोष्ट पाहिली, धानाचं फूल. मोठमोठ्या पदव्या त्याच्या नावामागे लागल्या, पण गाव त्याला म्हणे 'धानवाले डॉक्टर'. दूरच्या शहरात ते वारले, तेव्हा नव्वदीचं दशक सरत आलं होतं. आमच्या वाचनालयाच्या मंडळींनी शोकसभा घेतली, दोन मिनिटं उभे राहिलो, आणि मग कोणीतरी म्हणालं, की मोठ्या शहरांतून म्हणे थोर माणसांच्या घरांवरून, शाळांवरून लोकांना पायी हिंडवतात. आपणही डॉक्टरांची फेरी का काढू नये? मोठी शहरं कुठे आणि चामोर्शी कुठे! वीस मिनिटांत संपणारं गाव दोन तास पुरवायचं म्हणजे चांगलंच ताणावं लागणार होतं. पण उत्साहाला कुठे मोजपट्टी असते? दर रविवारी सकाळी फेरी निघेल असं ठरलं, आणि माहितीपत्रक लिहायचं काम, मराठी शिकवते म्हणून, माझ्या गळ्यात पडलं.

वाटाड्या म्हणून हबीबभाईंशिवाय दुसरं नाव कोणाला सुचलंच नाही. हबीबभाई घड्याळजी, वडिलांपासून चालत आलेलं तेच दुकान. सेलवर चालणाऱ्या घड्याळांनी त्यांचं काम निम्म्यावर आणलं होतं, पण बोलणं काही कमी झालं नव्हतं. रविवारी ते दुकानाला पाटी अडकवायचे, 'दुकान फिरायला गेले आहे', आणि कपाळावर सरकवलेलं भिंग तसंच ठेवून आमच्यापुढे चालू लागायचे. पहिला मुक्काम डॉक्टरांचं जन्मघर. त्या घराच्या पुढच्या खोलीत आता पिठाची चक्की होती. मी माहितीपत्रकात लिहिलं होतं, 'याच पवित्र खोलीत एका प्रज्ञासूर्याचा उदय झाला.' लोक भक्तिभावानं त्या भिंतीला हात लावत आणि पांढरे होऊन बाहेर येत. पुढे शाळा, मग तलावाची पाळ, आणि शेवटी हबीबभाईंचं स्वतःचं दुकान.

तिथं मात्र त्यांचा आवाज बदलायचा. शाळकरी डॉक्टर बापाचं बंद पडलेलं घड्याळ घेऊन इथं आले. अब्बांच्या डोळ्याला लावलेलं भिंग पाहून त्यांनी हट्ट धरला, ते डोळ्याला लावलं, आणि सदऱ्याच्या खिशातली धानाची लोंब काढून बघत बसले. "घंटाभर हलले नाईत, मॅडम! अब्बायनं मंग भिंगच देऊन टाकलं. एकच होतं. नागपूरवरून दुसरं येईपर्यंत महिनाभर बारीक काम बंद राह्यलं. अम्मी जनमभर म्हणे, एकुलतं एक काऊन दिलं?" ऐकणारे टाळ्या वाजवायचे, आणि हबीबभाई दोन्ही हात जोडून त्या टाळ्या आकाशाकडे, म्हणजे अब्बांकडे, पोचत्या करायचे.

वर्षभर हे सुखानं चाललं. मग मंडळींनी प्रत्येक मुक्कामावर कोरीव दगड बसवायचं ठरवलं, आणि तिथं आमच्या वाचनालयाचे अध्यक्ष, निवृत्त मुख्याध्यापक, ज्यांना सारं गाव गुरुजी म्हणे, ते आडवे आले. "बोलण्याले काय लागते? पण दगडावर जाईन ते पुराव्यानंच," ते म्हणाले. "कोणता घड्याळजी आपलं एकुलतं एक भिंग पोराले देईन?" प्रश्न बिनतोड होता. जन्मघराचा दगड आधीच कोरून तयार होता, शाळेचाही होता. अडला तो फक्त दुकानाचा. पुरावा मागावा कोणाकडे आणि न मागताच विश्वास ठेवावा कोणावर, हे आपण किती सहज ठरवून टाकतो! त्या बैठकीत मला हे सुचायला हवं होतं. सुचलं नाही, म्हणून आज लिहिते आहे. ठरलं असं, की दगड बसवायच्या दिवशी डॉक्टरांच्या धाकट्या बहीण यमुनाबाई नागपूरहून येणार आहेत, त्यांनाच विचारायचं. त्या 'हो' म्हणाल्या तर दुकान फेरीत राहील; 'नाही' म्हणाल्या तर गळेल.

हबीबभाई त्या आठवड्यात निम्मे झाले. मी माझं घड्याळ आणायला गेले, तर ते म्हणाले, "मॅडम, दगड नाई लागला तं नाई लागला. पण इतक्या लोकायसमोर अब्बा खोटे ठरले, तं मी इथी बसू कसा?" मी काहीतरी धीर दिला. धीर देताना आपला स्वतःचाच आवाज किती परका वाटतो, नाही?

यमुनाबाई आल्या. पंच्याहत्तरीच्या पुढच्या, ठेंगण्या, नऊवारीत, हातात एक कापडी पिशवी. नाकासमोर पाहून बोलणाऱ्या. चक्कीपुढे मंडप होता, दगडाला हार होता, चक्कीवाल्यानं त्या दिवसापुरती चक्की बंद ठेवली होती. मी माझं प्रज्ञासूर्याचं वाक्य जरा गहिवरून वाचलं. यमुनाबाईंनी दगडावरचं 'जन्मस्थान' वाचलं, चष्मा पुसला, पुन्हा वाचलं. "अवो," त्या म्हणाल्या, "दादा इथी कुठी जन्मला? आईची पहिली खेप होती. माहेरी गेली होती ना, नदीपल्याड. सव्वा महिन्याचा होता, तवा डोंग्यात बसून आला इथी."

आता काय सांगू तुम्हाला! मंडपात एकही बाई अशी नव्हती, जिचं पहिलं बाळंतपण माहेरी झालं नव्हतं. एकही पुरुष असा नव्हता, जो जावई म्हणून सासुरवाडीला पाळण्यातलं तोंड बघायला गेला नव्हता. मी तर खुद्द आजोळी जन्मलेली, आणि माझी मोठी लेकही माझ्या आईच्या घरी झालेली. आणि तरी आम्ही सगळे वर्षभर या भिंतीला हात लावून पिठानं माखत होतो! बापाचं घर म्हणजे जन्मघर, असं आमच्या डोक्यात पक्कं बसलं होतं. ज्या घरी बाई खरोखर अडते आणि सुटते, ते घर कोणाच्या लक्षातच आलं नाही. आधी चक्कीवाला हसला. मग बायका पदर तोंडाला लावून हसू लागल्या, आणि शेवटी मलाही आवरेना. गुरुजी एकटे दगडाकडे पाहत होते. पुराव्याचा आग्रह धरणाऱ्या या माणसानं हा एक दगड मात्र नुसत्या ऐकीव माहितीवर कोरून घेतला होता.

सगळे हसत होते तेव्हा हबीबभाईंचा चेहरा मात्र उतरत गेला. जिनं एवढं मोठं जन्मघर एका वाक्यात पाडलं, ती बाई बोटभर भिंगाचं काय करणार! शाळेपाशी ते चारच वाक्यं बोलले. तलावाची पाळ तर ते न थांबताच ओलांडून गेले.

दुकानाशी आलो. भिंतीवर डझनभर घड्याळं, प्रत्येकाची वेळ वेगळी. हबीबभाईंनी गोष्ट सांगितली, पण आज हात जोडले नाहीत, आणि कोणी टाळ्याही वाजवल्या नाहीत. सगळे यमुनाबाईंकडे बघत होते. त्यांनी पिशवीतून रुमालाची एक गाठ काढली आणि ती सोडवायला त्यांना बराच वेळ लागला. आत एक काळं भिंग होतं, कडा झिजून पांढऱ्या पडलेलं. ते त्यांनी हबीबभाईंच्या टेबलावर ठेवलं.

"हे तुमच्या दुकानातलं, भाऊ," त्या म्हणाल्या. "पण दिलं नव्हतं. दादानं उचललं होतं. जनमभर त्याले ते लागून होतं. जाताना मले म्हणे, यमे, माह्याच्यानं नाई झालं, तू नेऊन दे."

दुकानातलं एक घड्याळ तेवढ्यात सात वाजल्याचे टोल देऊ लागलं, तेव्हा दहा वाजत आले होते. हबीबभाईंनी भिंग उचललं, तळहातावर फिरवलं. महिनाभर बंद पडलेलं बारीक काम, अम्मीचा जन्मभराचा प्रश्न, हे सगळं त्यांच्या मनात एका ओळीत येऊन बसत असावं. मला ते त्यांच्या चेहऱ्यावर दिसत होतं. मग ते सावकाश म्हणाले, "बाई, अब्बा तं मरेपर्यंत सांगत राह्यले, मीच दिलं म्हणून. आन अब्बा खोटं बोलत नव्हते." भिंग मुठीत मिटलं. "मंग त्यायनं नंतर दिलं असन."

मला रडू आलं, आणि ते मी लपवलं नाही. नंतर दिलं! आपल्या दुकानातून वस्तू गेली हे त्या माणसाला कळलं होतं. कोणी नेली हेही कळलं असणार. मूल चोर ठरू नये म्हणून त्यानं गेलेली वस्तू मागाहून देऊन टाकली, आणि हे दान इतकं पक्कं केलं, की घरच्या बाईलाही चोरीचा मागमूस लागू दिला नाही. दान काय फक्त हातातून हातात जातानाच होतं? यमुनाबाई त्या दुकानाच्या बाकावर बसून घेत एवढंच म्हणाल्या, "दादाले हे ठाऊक असतं तं बरं झालं असतं."

गुरुजींनी चष्मा पुसला. "झाला पुरावा," ते म्हणाले, आणि मग जे मी त्यांच्याकडून कधी अपेक्षिलं नव्हतं ते केलं. हबीबभाईंपुढे हात जोडले. दुकानाच्या पायरीशी आज दगड आहे. 'येथील भिंगातून डॉक्टरांनी पहिल्यांदा धानाचे फूल पाहिले,' एवढंच त्यावर आहे. भिंग कसं गेलं ते दगडावर नाही. ते हबीबभाई दर रविवारी तोंडानं सांगतात, पहिले उचललं तेही आणि मग दिलं तेही. आणि 'जन्मस्थान'चा तो दगड? तो हारासकट बैलबंडीतून नदीवर गेला, डोंग्यात चढला आणि चौघांच्या हाका-आरोळ्यांत वैनगंगा ओलांडून डॉक्टरांच्या आजोळी पोचला. तिथल्या बायकांनी म्हणे त्याला ओवाळलं. माझा प्रज्ञासूर्यही मी मुकाट्यानं त्याच्यामागे धाडून दिला.

त्या दिवसापासून फेरी दुकानाशी संपत नाही. यमुनाबाईंनी भिंग परत नेलं नाही, आणि हबीबभाईंनी ते कपाटात ठेवलं नाही. धान निसवलं असलं की ते सगळ्यांना गावाबाहेर बांधीवर नेतात आणि ते जुनं भिंग हातोहात फिरवायला देतात. पहिल्यांदा माझ्या डोळ्याला लागलं तेव्हा मी लोंबीच्या अगदी जवळ गेले. तुसाच्या दोन हिरव्या ओंजळी उघडलेल्या, त्यांतून सहा नाजूक तंतू बाहेर लोंबणारे, आणि आत पिसासारखं काहीतरी पांढरं, थरथरणारं. जेमतेम तासाभराचं ते उघडणं. नंतर दार मिटतं आणि आत तांदूळ भरू लागतो. आणि त्याच क्षणी, वाकून बघता बघता, तो वास मला आला. दोन वर्षं न आलेला तोच भिडस्त वास, अगदी नाकाशी.

एक गोष्ट मात्र मी दरवेळी बघते. भिंग लोकांच्या हाती दिलं, की हबीबभाई बांधाबांधानं पुढे चालू लागतात आणि वळून पाहत नाहीत. फेरीत कधी अनोळखी माणसं असतात, कधी पोराटोरांची गर्दी असते. मागच्या आश्विनात न राहवून मी विचारलं, "हबीबभाई, कोणी नेलं म्हणजे?"

ते चालता चालताच हसले. "मंग नंतर देऊन टाकू, मॅडम," म्हणाले, आणि फुलावर आलेल्या धानातून आम्ही दोघं गावाकडे निघालो.